जुलैचं अपडेट

लोखंडी स्टूल काउंटरच्या काचेतून आत आलं तेव्हा माझ्या हातातला फोन पुन्हा एकदा बंद पडून चालू होत होता. पडद्यावर कंपनीचं चिन्ह गरगरत होतं. काचेचा तुकडा कोपरात घुसला आणि क्षणभर मला वाटलं, फोनची बॅटरीच फुटली.

"मोबाईल कुटं हाय त्यो?"

दारात दोघे उभे होते. पुढचा धुळ्या आणि मागचा सद्या. दोघेही बापू इंगवल्याच्या शर्यतीच्या बैलगाडीवरचे. बाजारपेठेत त्यांना न ओळखणारा माणूस नव्हता, आणि ओळख दाखवणाराही नव्हता. धुळ्याच्या हातात फावड्याचा दांडा होता, पातं काढून टाकलेला.

दुकानाचे मालक रियाजभाई मुजावर खुर्चीतून उठले. "धुळाप्पा, काच भरून द्यावी लागंल बरं का," ते म्हणाले. त्यांना भांडण हसण्यावारी न्यायची सवय होती.

दांडा त्यांच्या तोंडावर बसला. ओला, कोरडा असे दोन्ही आवाज एकाच वेळी आले. रियाजभाई कव्हरच्या रॅकवर पडले आणि रॅक त्यांच्यावर पडला.

बाकड्यावर बसलेली हौसाक्का जागची हलली नाही. फोन तिचा होता. म्हणजे तिच्या मेलेल्या पोराचा.

ती दुपारी आली होती. वडापच्या जीपमधून उतरून सरळ आमच्या दुकानात. कमरेच्या पिशवीतून तिनं टॉवेलात गुंडाळलेला फोन काढून काउंटरवर ठेवला.

"माज्या सुदर्शनचा हाय. वैरणीच्या माळ्यावर घावला. ह्यातलं शूटिंग काढून द्या."

सुदर्शन खोत हे नाव मला ठाऊक होतं. माघातल्या बैलगाडी शर्यतीनंतर त्याला मळीच्या रानात काठ्यांनी मारलं होतं. इंगवल्याचा गाडीवान बैलांना बॅटरीचा शॉक देतो, असं सगळे कुजबुजत. सुदर्शननं ती बॅटरी आणि तिच्या वायरी फोनवर टिपायला सुरुवात केली आणि तिथेच त्याच्यावर माणसं तुटून पडली. शर्यतीला जत्रेइतकी गर्दी होती, पण कुणीच काही पाहिलं नव्हतं. केस अनोळखी इसमांवर झाली आणि फोन कुणालाच सापडला नाही.

"आक्का, हे आधी पोलिसांत न्यायला पाहिजे," मी म्हणाले.

"न्हेतो की. पर मोकळा मोबाईल घिऊन गेलो तर म्हणतील, म्हातारे, ह्यात काय बी न्हाई. आदी बघा, काय हाय का."

कुलूप तिनंच उघडलं. बोटानं पडद्यावर वाकडी रेघ ओढली. "विळा काडायचा. सुदर्शननं शिकवलंय मला. घरात समद्यांचा ह्योच. आनंदाच्या बी मोबाईलला विळाच हाय." आनंदा हा तिचा थोरला.

गॅलरीत बैलांचे फोटो होते. बादल आणि हरण्या, शिंगांना गोंडे, अंगावर झुली. शर्यतीच्या दिवसाचा एकही व्हिडिओ नव्हता. पुसलेल्या फायलींचा डबाही रिकामा होता.

रियाजभाईंनी माझ्याकडे पाहिलं. "काय म्हणतंय तुमचं सायन्स?"

मी बी.एस्सी. इलेक्ट्रॉनिक्स होऊन वर्ष झालं होतं. नोकरी मिळेपर्यंत म्हणून या दुकानात बसत होते. रियाजभाई सोल्डरिंग करत, आतलं सॉफ्टवेअरचं काम मी बघे. बंद पडलेल्या, पासवर्ड विसरलेल्या, फोटो उडालेल्या फोनांत मला परीक्षेपेक्षा जास्त मजा येई.

फोन ज्याच्या हातात असतो, तो त्याचा खरा मालक नसतो, भाडेकरू असतो. आतल्या प्रत्येक ॲपची स्वतंत्र खोली असते आणि तिला कुलूप असतं. सगळ्या खोल्या उघडणारा हक्क म्हणजे रूट. तो कंपनी कुणाला देत नाही. कायमचा मिळवायचा तर फोनचं मूळ कुलूप तोडावं लागतं, आणि ते तोडताच फोन स्वतःला पुसून कोरा करतो. आम्हाला ते चालणार नव्हतं. पण या चिपच्या फोनांत एक भोक राहिलं होतं. छोटासा प्रोग्राम त्यातून आत सोडला की फोन पुन्हा चालू होईपर्यंत तेवढा हक्क हाती यायचा. तात्पुरतं रूट. व्हिडिओ पुसला तरी गॅलरीच्या आतल्या खोलीत त्याचं एखादं लहान चित्र राहून जातं. तेवढं चित्र मला बाहेर काढायचं होतं.

"एक चेहरा आला तरी पुरे," मी म्हणाले.

"एक कशाला, समदी येतील," हौसाक्का म्हणाली.

पण रूट मिळेना. प्रोग्राम सुरू झाला की फोन थिजायचा, काळा पडायचा आणि पुन्हा सुरू व्हायचा. याच मॉडेलवर मी हे किती वेळा केलं होतं. केबल बदलली. बॅटरी अर्धी होती, ती भरू दिली. प्रोग्राम चुकून मेमरी कार्डावरून चालत नाही ना, ते पाहिलं, कारण तिथून तो चालूच शकत नाही. तो ज्या प्रोसेसरसाठी लिहिला आहे तोच आहे ना, तेही तपासलं. पुन्हा चालवला. पुन्हा काळोख.

"ह्यो मोबाईल बी हट्टी हाय," हौसाक्का म्हणाली. "मालकावानी."

तेव्हा मला एक गोष्ट खटकली. "आक्का, हा सापडला तेव्हा चार्ज केला तुम्ही?"

"न्हाई बाई. बटण दाबलं आन् पेटला."

माघापासून माळ्यावर पडलेला फोन. दिवाळी होऊन गेली होती. बंद फोनची बॅटरीही इतके महिने अर्धी टिकत नाही. मी सेटिंग उघडून सुरक्षा अपडेटची तारीख वाचली.

जुलै.

माझं भोक जुलैच्या अपडेटनं बुजलं होतं. म्हणून प्रोग्राम भिंतीवर आपटून परत येत होता. पण सुदर्शन माघात गेला होता. हा फोन अपडेट करण्याआधी विचारतो, करू का? मग कुलूप उघडून मागतो. नेट लागतं, चार्ज लागतो, आणि विळा काढणारं बोट लागतं.

खात्री करावी म्हणून मी प्रोग्राम पुन्हा सोडला. फोन पुन्हा काळा पडला. मी मान वर केली. "आक्का, जुलैमध्ये हा फोन घरात कुणाच्या हातात होता?"

तिनं तोंड उघडलं आणि काचेतून स्टूल आलं.

वडापमध्ये ती सगळ्यांना सांगत आली होती, लेकाचा मोबाईल घावला म्हणून. लपवण्यासारखं तिला त्यात काही वाटलं नव्हतं.

रियाजभाई पडले तसा धुळ्या काउंटर ओलांडून आत आला. मी फोन मांडीखाली सरकवला. त्यानं माझ्या वेणीला हात घालून डोकं मागे ओढलं.

"पोरी, आम्हाला तुज्याशी काय करायचं न्हाई. मोबाईल दे आन् घरला जा."

"माझ्याकडे नाही."

त्यानं माझं तोंड टेबलावर आपटलं. नाकातून काहीतरी ऊन खाली आलं. टेबलावरचे बारीक स्क्रू माझ्या गालाला चिकटले. मी ओरडले की नाही ते आता आठवत नाही. बाजारातली शटरं खाली येताना ऐकू आली, एकामागून एक, पार चौकापर्यंत.

"म्हातारीकडं बघ रं," धुळ्या म्हणाला.

सद्यानं हौसाक्काचा अंबाडा धरून तिला बाकड्यावरून खाली ओढलं आणि तिची पिशवी उलटी केली. त्याचा हात तोंडाजवळ आला तसे तिनं दात रोवले आणि सोडलेच नाहीत. सद्या किंचाळला. दुसऱ्या हाताच्या मुठीनं तो तिच्या कानशिलावर मारत राहिला. प्रत्येक ठोशाला तिचं डोकं हलायचं, पण जबडा सुटत नव्हता.

रॅकखालून रियाजभाई उठले. ओठ फाटला होता, पुढचे दात नव्हते. भिंतीशी आमची हॉट एअर गन चालूच होती, चिप सोडवायला लागते ती, कथील वितळवणारी. त्यांनी ती उचलली आणि सद्याच्या मानेला लावली. जळक्या केसांचा आणि मांसाचा वास दुकानभर झाला. सद्या हौसाक्काला सोडून दारापर्यंत धावला, पायरीवर अडखळला आणि तिथेच मान धरून गडाबडा लोळू लागला.

धुळ्यानं माझी वेणी सोडली. त्याचा दांडा रियाजभाईंच्या मनगटावर पडला. हाड मोडल्याचा आवाज मी तोवर कधी ऐकला नव्हता. गन खाली पडून फरशीवर फुंकत राहिली.

"मुजावर, तुजं ह्यात काय जळत हुतं रं?" धुळ्यानं धापा टाकत विचारलं.

"दुकान माजं हाय," रियाजभाई म्हणाले.

दांडा पुन्हा वर गेला. पण खाली आला नाही.

दारातून आनंदा खोत आला होता. त्याच्या हातात ट्रॅक्टरची टॉमी होती, चाकं खोलायची लोखंडी सळई. मी त्याला ओळखत नव्हते. हौसाक्कानं "आनंद्या!" अशी हाक मारली तेव्हा कळलं. त्यानं टॉमी धुळ्याच्या गुडघ्यावर आडवी घातली. धुळ्या खाली बसला. मग खांद्यावर. मग बरगडीत. धुळ्यानं हात वर केले तर हातावर. लाकूड फोडणारा माणूस फोडतो तसा तो मारत होता, एकाच लयीत. धुळ्याच्या कानातून रक्त आलं तरी थांबेना.

"मरंल त्यो!" रियाजभाई ओरडले आणि मोडका हात पोटाशी धरून दोघांच्या मध्ये गेले. धुळ्या पालथा झाला तसे ते त्याच्या पाठीवर बसले, त्याला दाबायला की वाचवायला, ते त्यांनाही सांगता आलं नसतं.

आनंदा माझ्याकडे वळला. डोळे लाल, छाती भात्यासारखी.

"मोबाईल द्या ताई."

मला इतकं सुटल्यासारखं झालं होतं, की मी मांडीखालून फोन काढला. तो सुरू झाला होता. सेटिंगचं पान मी पुन्हा उघडलं, सवयीनं.

"द्या हिकडं," तो म्हणाला आणि डाव्या हातानं टेबलावरची जागा साफ केली. उजव्या हातातली टॉमी त्यानं वर उचलली. मग माझ्या लक्षात आलं. धुळ्या आला होता तेच करायला हाही आला होता.

मी फोन छातीशी धरला. "जुलैमध्ये हा तुम्हीच अपडेट केलात ना?"

टॉमी वरच राहिली.

इतकं सगळं फुटलेलं असताना मला हाच प्रश्न सुचावा, याचं मला नंतर नवल वाटलं. पण दुपारभर मी त्याचंच उत्तर शोधत होते.

"त्यो सारखा इचारत हुता," आनंदा म्हणाला. आवाज एकदम लहान मुलासारखा झाला. "उगडला की म्हणायचा, अपडेट करा, अपडेट करा. फोटु बगू देत न्हवता. एकदा म्हटलं, व्हय. कर बाबा."

हौसाक्का फरशीवरून उठत होती. एका कानातून रक्ताची धार गळ्यापर्यंत आली होती. पदरानं तोंड पुसत ती त्याच्यासमोर उभी राहिली.

"मोबाईल तुज्याकडं हुता?"

त्यानं टॉमी खाली घेतली.

तिनं त्याच्या मुस्काटात मारली. तो तिच्यापेक्षा दीड वीत उंच होता, तिला टाचा उचलाव्या लागल्या. "माळ्यावर तू ठेवलास?" पुन्हा मारली. "शूटिंग तू पुसलंस? किती दिलं रं बापूनं तुला? सांग! भावाच्या मढ्याचं किती दिलं?" ती दोन्ही हातांनी मारू लागली. बांगड्या फुटून त्याच्या गालात रुतल्या. तो टॉमी धरून उभा राहिला, मार चुकवायला मानसुद्धा वळवली नाही.

"काय बी न्हाई दिलं," तो म्हणाला. "आई, कुणी काय बी न्हाई दिलं."

मग तो माझ्याकडे वळला. "ताई, आता निगंल का त्यातनं शूटिंग?"

मी खरं तेच सांगितलं. "नाही. जुलैच्या अपडेटनं तो रस्ता बंद झाला. आता माझ्याच्यानं काही बाहेर येणार नाही."

"कुणाच्याच?"

"मला माहीत असलेल्या कुणाच्याच नाही."

त्यानं श्वास सोडला. आता त्याला कसलीच भीती नव्हती. फोन फोडायचीसुद्धा गरज उरली नव्हती. तो मागे वळून दाराबाहेर गेला असता, तर धुळ्याला झोडपून आईला सोडवणारा लेक म्हणूनच गावानं त्याला ओळखलं असतं. मी त्याच्या पायांकडे पाहत होते.

पाय हलले नाहीत.

"त्यात मी हाय," तो म्हणाला.

हौसाक्काचा हात हवेतच थांबला.

"तू मारलास?"

"मी बैलं धरून हुतो."

आमच्या भागात याचा अर्थ कुणाला सांगावा लागत नाही. शर्यत संपली की बैल पिसाळलेले असतात. ज्याच्या हातात कासरा असतो त्यानं तो काही झालं तरी सोडायचा नाही. सोडला तर बैल गर्दीत घुसून माणसं तुडवतात, नाहीतर स्वतःचे पाय मोडून घेतात. पोरांना चालायला लागल्यापासून हे शिकवतात. कासरा सोडणाऱ्याला पुन्हा कुणी गाडीजवळ उभं करत नाही.

"सुद्यानंच माज्या हातात कासरा दिला," आनंदा म्हणाला. "म्हणला, मी बॅटरीचं शूटिंग घिऊन येतो, तवर सोडू नगंस. मग त्यांनी घातलाच त्याला खाली. मोबाईल सरीत पडला, चालूच हुता. बैलं नुसती उधळाय लागली, रगताच्या वासानं. सुद्या वराडतोय, आनंदा, आनंदा. आन् मी बादलला म्हणतोय, हो, हो राजा. नंतर मीच उचलला त्यो. समदं आलंय त्यात. त्येचं वराडणं आन् माजं हो हो. मी आयकलंय. लई येळा आयकलंय. मग पुसलं."

"मग मोबाईल का ठेवलास?" मी विचारलं.

"फोटु हुतं त्येचं." त्यानं नाक मनगटाला पुसलं. "कसा टाकू?"

फरशीवरची गन अजून फुंकत होती. रियाजभाईंनी पायानं वायर ओढून ती बंद केली. एकदम शांत झालं. धुळ्याचा श्वास शिट्टीसारखा वाजत होता.

"कोन हुतं?" हौसाक्कानं विचारलं. आता ती ओरडत नव्हती.

आनंदानं फरशीकडे बोट केलं. "ह्यो धुळ्या. पयली काठी ह्येची." मग पायरीकडे. "त्यो सद्या. पाय धरून हुता. बापूचा मेव्हणा शिवाजी, त्येच्याकडं जुवाची खीळ हुती. आन् बापू सोता. त्यो मारत न्हवता. 'डोस्क्यात नगं' म्हणत हुता. मग म्हणला, 'घाला डोस्क्यात.'"

रियाजभाईंच्या खालून धुळ्यानं मान उचलली. "आनंद्या, तुजी जीभ..." रियाजभाईंनी कोपरानं त्याचं तोंड पुन्हा फरशीला टेकवलं.

हौसाक्का लेकाकडे बघत राहिली. मला वाटलं, ती आता त्याच्या गळ्यात पडेल किंवा गळा धरेल.

"सोडायचा हुतास," ती म्हणाली. "तुडवली असती बैलांनी चार मानसं, तर तुडवू द्यायची हुतीस. सोडायचा हुतास रं."

"त्योच म्हणला हुता, सोडू नगंस."

तिनं त्याचा उजवा हात धरला. टॉमीवर बोटं अशी आवळली होती, की त्याच्या स्वतःच्यानंही ती सुटत नव्हती. तिनं करंगळीपासून सुरुवात केली. एकेक बोट उचकटून काढलं. टॉमी फरशीवर पडली तेव्हा तो दचकला.

"चल."

"फोन?" मी पुढे केला.

"ऱ्हाऊ दे. पोलीस येतील त्यास्नी दे, आन् जुलैचं काय ते तूच सांग." मग आनंदाच्या पाठीवर हात ठेवून म्हणाली, "बाकीचं ह्यो सांगंल."

मी नाकाला रुमाल लावून दारापर्यंत गेले. समोर माणसं जमली होती. शटरांच्या फटींतून, रसाच्या गाड्यामागून, गच्चीवरून. सद्याला कुणीतरी पाणी पाजत होतं. कुणी काही विचारत नव्हतं. खोतांची मायलेकरं रक्तानं माखून रस्त्याच्या मधोमध उभी होती, आणि सगळे त्यांच्याकडे असं बघत होते, की उद्या कुणी विचारलं तर काहीच दिसलं नव्हतं म्हणता यावं.

आनंदाची मान खाली गेली. तो बाजूच्या गल्लीकडे वळू लागला.

हौसाक्कानं त्याला पाठीत ढकलून पुन्हा मधे आणलं.

"हितं सांग आदी."

"आई..."

"मोठ्यानं."

त्यानं बापू इंगवल्याच्या नावापासून सुरुवात केली.